घर काळे आहे

'खानेह सियाह अस्त' हे फारसी नाव उर्दू शाळेत शिकविणाऱ्या आम्हा लोकांना भाषांतराशिवाय कळते. मराठी माणसालाही ते परके नाही. दवाखान्यातला 'खाना' आणि शाईतली 'स्याही' त्यात आहेच. अर्थ एवढाच : घर काळे आहे.

इराणमधील तबरीझ शहराजवळच्या बाबाबागी येथे कुष्ठरोग्यांची वसाहत होती. १९६२ साली तेथे हा सुमारे वीस मिनिटांचा माहितीपट चित्रित झाला. दिग्दर्शन आणि संकलन कवयित्री फुरूग फर्रुखजाद हिचे. वय अवघे सत्तावीस. निर्माते इब्राहिम गुलिस्तान, कॅमेरा सुलेमान मिनासियान यांचा. मोजकी माणसे आणि बारा दिवस, एवढाच संसार!

चित्रपटात दोन आवाज आहेत. गुलिस्तानांचा आवाज डॉक्टरासारखा सांगतो की, हा रोग गरिबीसोबत येतो आणि उपचाराने बरा होतो. फुरूगचा आवाज मात्र दुआ मागावी तसा, तौरातच्या वळणाने बोलतो.

आम्हाला हलवून गेला तो वर्ग. रोगाने चेहरे विद्रूप झालेली मुले धडा वाचतात : हात दिले, डोळे दिले म्हणून खुदाचे शुक्र. शेवटी शिक्षक विचारतात, आईबापांबद्दल शुक्र का मानावे? एक मुलगा म्हणतो, ठाऊक नाही, मला दोघेही नाहीत. मग 'घर' या शब्दाचे वाक्य करायला सांगितले जाते. फळ्यावर जे उमटते, तेच चित्रपटाचे नाव.

आम्हीही एकदा वर्गाला 'मेरे अब्बा' हा निबंध दिला होता. एका मुलाने नाव घालून कागद कोराच परत केला. त्याचे वडील वारल्याचे आम्हाला नंतर कळले.

तलाकनंतर फुरूगचा स्वतःचा मुलगा तिच्यापासून दुरावला होता. वसाहतीतल्या रुग्ण दांपत्याच्या हुसेन नावाच्या मुलाला तिने तेहरानला नेले, आपले मानले. १९६३ मध्ये जर्मनीतील ओबरहाउझेनच्या महोत्सवात चित्रपटाला पुरस्कार मिळाला. फेब्रुवारी १९६७ मध्ये, बत्तिसाव्या वर्षी, मोटार अपघातात ती गेली. गुलिस्तान २०२३ पर्यंत, शंभरी गाठून जगले.

आता निबंधाचा विषय फळ्यावर लिहिण्याआधी आम्ही मुलांच्या घरची विचारपूस करतो. बी.एड.ला हे कोणी शिकविले नव्हते.