बॉबी ऑर : निळ्या रेषेवरून पुढे आलेला बचावपटू

रॉबर्ट गॉर्डन ऊर्फ बॉबी ऑर हे आइस हॉकीतील निवृत्त कॅनडियन बचावपटू. १९६६ ते १९७८ या काळात ते उत्तर अमेरिकेतील नॅशनल हॉकी लीगमध्ये (एनएचएल) आधी बोस्टन ब्रुइन्स आणि अखेरीस शिकागो ब्लॅक हॉक्स या संघांकडून खेळले. गोल होऊ न देणे हे ज्याचे काम, त्या बचावपटूने साऱ्या लीगमध्ये सर्वाधिक गुण मिळवावेत, असे त्यांच्याआधी कधी घडले नव्हते आणि त्यांच्यानंतर आजतागायत घडलेले नाही. ऑर यांनी ते दोनदा करून दाखवले. इतर खेळाडूंची कारकीर्द ऐन भरात असते त्या तिसाव्या वर्षी मात्र त्यांना खेळ सोडावा लागला. तोवर त्यांचा डावा गुडघा निकामी झाला होता आणि हाती पैसाही फारसा उरला नव्हता.

या कामगिरीचे मोल कळण्यासाठी खेळ थोडा समजून घ्यावा लागतो. हॉकी म्हटली की आपल्या डोळ्यांसमोर मैदान आणि चेंडू येतो. आइस हॉकीत चेंडूऐवजी कठीण रबराची, सुमारे साडेसात सेंटिमीटर व्यासाची आणि १७० ग्रॅमच्या आसपास वजनाची चकती असते. तिला पक म्हणतात. गोठवलेल्या बर्फाच्या रिंकवर, पायांत स्केट्स घालून, प्रत्येक संघाचे सहा जण खेळतात : एक गोलरक्षक, दोन बचावपटू आणि तीन आघाडीचे खेळाडू. वीस-वीस मिनिटांची तीन सत्रे असतात. एनएचएलची रिंक साधारण ६१ मीटर लांब व २६ मीटर रुंद असून दोन निळ्या रेषा तिचे तीन भाग करतात. दमछाक इतकी, की खेळाडू एका वेळी जेमतेम मिनिटभर खेळून बाकावर परततो आणि दुसरा त्याची जागा घेतो. अंगाने धडक देणे नियमाला धरूनच असते. गोल करणाऱ्याला एक गुण मिळतो आणि त्याला पक पुरवणाऱ्या जास्तीत जास्त दोघांना प्रत्येकी एक गुण. या पुरवठ्याला असिस्ट म्हणतात.

या व्यवस्थेत बचावपटूचे काम ठरलेले होते. प्रतिस्पर्ध्याला गोलपासून दूर ठेवायचे, त्याचे फटके अंगावर घ्यायचे आणि पक हाती लागला की तो आघाडीच्या साथीदाराकडे सोपवायचा. स्वतःचा संघ चढाई करत असताना त्याने पुढच्या निळ्या रेषेपाशी पहारा द्यायचा. तो आत घुसला आणि पक हातचा गेला, तर मागे गोलरक्षक एकटाच उरतो, ही भीती. ऑर यांच्याआधी कोणी बचावपटू पुढे जातच नव्हता असे नाही. बोस्टनचे एडी शोर आणि माँट्रियलचे डग हार्वी यांनी आपापल्या काळात ती वाट थोडीफार चोखाळली होती. तरीही एका हंगामात बचावपटूच्या सर्वाधिक गुणांचा विक्रम होता ५९ गुणांचा, शिकागोच्या पिएर पिलोट यांनी १९६४-६५ मध्ये केलेला. गोलांचा विक्रम २० चा होता आणि तो १९४४-४५ पासून अबाधित होता. हे दोन आकडे लक्षात ठेवावेत.

ऑर यांचा जन्म २० मार्च १९४८ रोजी कॅनडाच्या ऑन्टॅरिओ प्रांतातील पॅरी साउंड या छोट्या गावी झाला. वडील स्फोटकांच्या कारखान्यात कामाला होते. हिवाळ्यात गोठलेली नदी आणि खाडी हेच तिथल्या मुलांचे क्रीडांगण. अशा उघड्या बर्फावर मुले डझनांनी खेळतात, त्यामुळे पक एकदा गेला की परत लवकर मिळत नाही. तो स्वतःजवळ राखून गर्दीतून वाट काढण्याची ऑर यांची सवय तिथलीच. १९६१ मध्ये एका किशोरस्पर्धेत बोस्टनचे अधिकारी खरे तर दुसऱ्याच मुलांना पाहायला आले होते आणि या लहानखुऱ्या बचावपटूवर लुब्ध होऊन परतले.

त्या काळी मुलगा चौदा वर्षांचा होताच संघ त्याच्याकडून एक करारपत्र भरून घेत असत. त्याच्यावर सही झाली की त्या खेळाडूवर व्यावसायिक हक्क त्या एकाच संघाचा, तोही जवळजवळ कायमचा. ऑर कुटुंबाने १९६२ मध्ये बोस्टनच्या कागदावर सही केली. मोबदल्यात थोडी रक्कम मिळाली आणि घराच्या भिंतींना गिलावा करून मिळाला. चौदाव्या वर्षी ऑर ओशावा जनरल्स या कनिष्ठ संघातून वीस वर्षांपर्यंतच्या तरुणांविरुद्ध खेळू लागले. पहिल्या वर्षी ते घरी राहूनच शाळा करत आणि सामन्यांपुरते ओशावाला जात.

मुलगा मोठा झाल्यावर बोस्टनने देऊ केलेली रक्कम वडिलांना अपुरी वाटली. त्यांनी टोरंटोचे वकील ॲलन ईगलसन यांना गाठले. खेळाडूच्या वतीने वकिलाने बोलणी करणे ही गोष्ट तेव्हा संघमालकांना उद्धटपणाची वाटे. तरीही १९६६ मध्ये ईगलसन यांनी अठरा वर्षांच्या, एकही व्यावसायिक सामना न खेळलेल्या मुलासाठी नवख्याला तोवर कधी न मिळालेला करार मिळवला. त्याचा गाजावाजा इतका झाला, की पुढच्याच वर्षी एनएचएलच्या खेळाडूंची संघटना उभी राहिली आणि ईगलसन तिचे प्रमुख झाले. ऑर त्यांना थोरल्या भावासारखे मानत आणि आपले सारे आर्थिक व्यवहार त्यांनी ईगलसन यांच्यावर सोपवून दिले.

बोस्टनचा संघ तेव्हा तळाला होता. ऑर यांच्या पहिल्या हंगामातही, १९६६-६७ मध्ये, तो सहापैकी सहावाच राहिला. पण ऑर यांना सर्वोत्तम नवोदिताचा काल्डर करंडक मिळाला. त्या वर्षी सर्वोत्तम बचावपटूचा नॉरिस करंडक न्यूयॉर्कच्या हॅरी हॉवेल यांना मिळाला, तेव्हा ‘आताच मिळाला ते बरे, पुढे हा करंडक ऑरचाच होणार’ अशा अर्थाचे ते बोलून गेले. भाकीत तंतोतंत खरे ठरले. १९६८ पासून १९७५ पर्यंत सलग आठ वर्षे नॉरिस करंडक ऑर यांच्याकडेच राहिला आणि हा विक्रम अजून कोणी मोडलेला नाही.

ऑर डावखुऱ्या धाटणीने स्टिक धरत, पण खेळत उजव्या बाजूला. त्यामुळे पक मिळताच त्यांचे तोंड रिंकच्या मध्याकडे असे. स्वतःच्या गोलमागून ते पक घेऊन निघत, वेग टप्प्याटप्प्याने वाढवत आणि समोरच्या बचावपटूला त्या वेगाचा अंदाज येईपर्यंत त्याला ओलांडून गेलेले असत. पुढे जाणे ही त्यांच्या कसबाची अर्धी बाजू. पक गमावल्यावर वळून, हल्ला करणाऱ्याला गाठून, त्याच्या आधी आपल्या गोलसमोर हजर होण्याइतका वेग त्यांच्याजवळ होता, म्हणून ते धाडस परवडे. एखादा साथीदार शिक्षा म्हणून बाहेर बसला आणि संघ चौघांवर आला, की ऑर एकटेच पक घेऊन रिंकभर फिरत राहत आणि शिक्षेची मिनिटे काढत. स्टिकच्या पात्याला सगळे खेळाडू चिकटपट्टी गुंडाळत; ऑर नावापुरती एखादी पट्टी लावत, पुढे तीही नाही. स्केट्समध्ये ते मोजेही घालत नसत. फुटबॉलच्या वाचकांना याच सुमारास जर्मनीच्या फ्रान्झ बेकेनबाउर यांनी बचावफळीतून पुढे येऊन जे केले ते आठवेल. मात्र बेकेनबाउर यांच्या नावावर स्पर्धेतील सर्वाधिक गोल वा पासेस कधी लागले नाहीत.

१९६८-६९ मध्ये ऑर यांनी २१ गोल करून जुना विक्रम मोडला. पुढच्या हंगामात ३३ गोल व ८७ असिस्ट असे १२० गुण झाले, म्हणजे पिलोट यांच्या ५९ च्या दुप्पट. लीगमधील सर्वाधिक गुणांचा आर्ट रॉस करंडक, सर्वांत मोलाच्या खेळाडूचा हार्ट करंडक, नॉरिस आणि बाद फेरीतील सर्वोत्तमाचा कॉन स्मिथ असे चारही सन्मान एकाच हंगामात मिळवणारे ते एकमेव खेळाडू आहेत.

त्याच हंगामाच्या शेवटी, १० मे १९७० रोजी, स्टॅन्ली करंडकाच्या अंतिम लढतीचा चौथा सामना बोस्टनमध्ये सेंट लुइस ब्लूजविरुद्ध ३-३ असा बरोबरीत सुटून जादा वेळेत गेला. जादा वेळेत पहिला गोल होताच सामना संपतो. चाळिसाव्या सेकंदाला ऑर यांनी निळ्या रेषेवरची जागा सोडून कठड्यालगत येणारा पक अडवला, तो गोलमागे उभ्या असलेल्या डेरेक सँडरसन यांच्याकडे सरकवला आणि स्वतः सरळ गोलकडे धावले. सेंट लुइसच्या हाती तो पक लागला असता तर मागे त्यांना अडवायला जवळजवळ कोणी नव्हते. सँडरसन यांचा परतीचा पास आला, ऑर यांनी तो ग्लेन हॉल यांच्या पायांमधून आत धाडला आणि त्याच क्षणी नोएल पिकार्ड यांच्या स्टिकने त्यांचा पाय उचलला गेला. रे लुसिए यांनी टिपलेले छायाचित्र हॉकीच्या इतिहासात सर्वाधिक ओळखले जाते : दोन्ही हात पसरलेले ऑर बर्फाला समांतर हवेत आहेत आणि चेहऱ्यावर आनंद आहे. बोस्टनला २९ वर्षांनी करंडक मिळाला. बरोबर चाळीस वर्षांनी, १० मे २०१० रोजी, बोस्टनच्या स्टेडियमबाहेर याच मुद्रेतील ऑर यांचा पुतळा उभा राहिला.

१९७०-७१ चा हंगाम आकड्यांच्या दृष्टीने याहून मोठा. १०२ असिस्ट (शंभरी गाठणारे ते पहिलेच खेळाडू), ३७ गोल, एकूण १३९ गुण. आणखी एक आकडा अधिक बोलका आहे. खेळाडू रिंकवर असताना दोन्ही संघ समान संख्येने खेळत असतील, तर त्याच्या संघाच्या गोलांतून प्रतिस्पर्ध्यांचे गोल वजा करतात. त्या हंगामात ऑर यांची ही बाकी अधिक १२४ भरली आणि तो विक्रम आजही कायम आहे. बचाव सोडून गोलांच्या मागे लागले, हा आक्षेप या एका आकड्यापुढे टिकत नाही. त्या वर्षी करंडक मात्र हुकला, माँट्रियलच्या नवख्या गोलरक्षकाने, केन ड्रायडन यांनी, बोस्टनला पहिल्याच फेरीत रोखले. १९७२ मध्ये न्यूयॉर्क रेंजर्सना हरवून बोस्टनने तो पुन्हा जिंकला आणि कॉन स्मिथ करंडक दुसऱ्यांदा ऑर यांच्याकडे आला. १९७४-७५ मध्ये त्यांनी ४६ गोल आणि १३५ गुण मिळवून आर्ट रॉस करंडकही दुसऱ्यांदा घेतला. पुढे १९८५-८६ मध्ये पॉल कॉफी यांनी ४८ गोल करून गोलांचा विक्रम मोडला, पण १३८ गुणांवर ते थांबले. १३९ चा विक्रम एका गुणाने वाचला.

हे सारे घडत असताना गुडघा खचत होता. पहिल्याच हंगामात डाव्या गुडघ्याला मार बसला आणि नंतर शस्त्रक्रिया होत राहिल्या; साऱ्या मिळून डझनाहून अधिक. गुडघ्यात मांडीचे आणि पोटरीचे हाड यांच्यामध्ये कूर्चेची गादी असते. आज तिला इजा झाली तर बारीक छिद्रातून दुर्बीण घालून तेवढाच फाटका भाग नीट करतात. साठच्या दशकात गुडघा मोठी चीर देऊन उघडत आणि कूर्चाच काढून टाकत. गादी गेली की हाडावर हाड घासते, झीज होते, हाडाला अणकुच्या फुटतात, त्या काढायला पुन्हा शस्त्रक्रिया. शिवाय ऑर यांची खेळण्याची रीतच धडकांना आमंत्रण देणारी होती. पक जवळ राखणारा खेळाडू सर्वाधिक मार खातो. १९७२ मध्ये सोव्हिएत संघाविरुद्धच्या गाजलेल्या मालिकेत ते संघाबरोबर होते, पण गुडघ्यामुळे एकही सामना खेळू शकले नाहीत. १९७५-७६ मध्ये बोस्टनसाठी त्यांचे अवघे १० सामने झाले.

बोस्टनबरोबरचा करार त्याच उन्हाळ्यात संपत होता. ब्रुइन्सने नव्या करारात वेतनाबरोबर संघाच्या मालकीतील १८.५ टक्के हिस्सा देऊ केला होता. खेळणे थांबले तरी हाती राहील अशी ती गोष्ट होती. ऑर यांचे म्हणणे असे, की हा प्रस्ताव ईगलसन यांनी आपल्याला कधी सांगितलाच नाही. बोस्टनला आपण नकोसे झालो आहोत, असेच आपल्याला भासवण्यात आले. शिकागोच्या मालकांशी ईगलसन यांचे निकटचे संबंध होते. १९७६ मध्ये ऑर शिकागोला गेले.

जाण्याआधी सप्टेंबरमध्ये ते पहिल्या कॅनडा कप स्पर्धेत खेळले. दिवसा लंगडत चालणारा हा माणूस रात्री बर्फावर उतरे. सात सामन्यांत नऊ गुण मिळवून ते स्पर्धेचे सर्वोत्तम खेळाडू ठरले. गुडघ्यात जे काही उरले होते ते तिथे खर्ची पडले असे म्हणायला हरकत नाही. शिकागोकडून पहिल्या हंगामात २० सामने झाले, दुसऱ्यात एकही नाही, तिसऱ्यात सहा. नोव्हेंबर १९७८ मध्ये त्यांनी निवृत्ती जाहीर केली. न खेळता पगार घेणे योग्य नाही म्हणून शिकागोने दिलेले वेतनाचे धनादेश त्यांनी वटवलेच नव्हते. एकूण ६५७ सामने, २७० गोल, ६४५ असिस्ट, ९१५ गुण. सामन्यामागे १.३९ गुणांची ही सरासरी दुसऱ्या कोणाही बचावपटूला गाठता आलेली नाही.

९ जानेवारी १९७९ रोजी बोस्टनने त्यांची ४ क्रमांकाची जर्सी छताला लावून तो क्रमांक कायमचा निवृत्त केला. त्या रात्री टाळ्या थांबेनात, म्हणून ठरलेला कार्यक्रम आवरता घ्यावा लागला. त्याच वर्षी हॉकी हॉल ऑफ फेमने प्रतीक्षेची अट शिथिल करून त्यांना ३१ व्या वर्षी प्रवेश दिला. हिशेब तपासले तेव्हा कर फेडून जवळ काहीच उरत नाही असे दिसून आले आणि १९८० मध्ये ऑर यांनी ईगलसन यांच्याशी संबंध तोडले.

खेळाडूंच्या संघटनेतील ईगलसन यांच्या कारभारावर पुढे मॅसॅच्युसेट्समधील एका छोट्या दैनिकाचे क्रीडासंपादक रस कॉनवे यांनी वर्षानुवर्षे शोध घेऊन लिहिले. मोठ्या वृत्तपत्रांनी जे पाहिले नाही ते एका जिल्हापत्राने धसास लावले, याची नोंद आमच्या व्यवसायातल्यांनी तरी घ्यावी. १९९८ मध्ये ईगलसन यांनी आधी बोस्टनच्या आणि मग टोरंटोच्या न्यायालयात फसवणुकीचे गुन्हे कबूल केले आणि त्यांना १८ महिन्यांच्या तुरुंगवासाची शिक्षा झाली. ते गुन्हे ऑर यांच्या शिकागो कराराबद्दलचे नव्हते. खेळाडूंच्या व आंतरराष्ट्रीय स्पर्धांच्या पैशांशी त्यांचा संबंध होता. ईगलसन हॉल ऑफ फेममध्ये राहणार असतील तर आमची नावे काढा, असे ऑर यांच्यासह अनेक जुन्या खेळाडूंनी बजावल्यावर ईगलसन यांनी तिथले सदस्यत्व सोडले.

ऑर यांनी या प्रकरणाविषयी सविस्तर लिहिले ते २०१३ मध्ये प्रसिद्ध झालेल्या आत्मचरित्रात. तोवर त्यांनी स्वतःच खेळाडूंच्या प्रतिनिधित्वाचा व्यवसाय उभा केला होता. चौदा-पंधरा वर्षांच्या मुलांचे आईवडील करारपत्रे घेऊन त्यांच्याकडे येऊ लागले होते.