सक्तीच्या रिळांची कुळकथा

ठाण्या-कल्याणच्या टॉकीजांत मुख्य चित्रपटापूर्वी सरकारी वार्तापट सुरू झाला की दाण्यांची पुडी घेण्याच्या मिषाने बाहेर रेंगाळणाऱ्या प्रेक्षकास, आपण चुकवीत आहोत ती रिळे पुढे इतिहासाचे साधन म्हणून दाम मोजून मागविली जातील, अशी शंकाही शिवली नसेल.

या रिळांचे कुळ कलाप्रेमाचे नव्हे, हुकमाचे आहे. महायुद्धाच्या धामधुमीत, 1943 साली, भारत संरक्षण नियमांखाली सरकारमान्य पट दाखविण्याची सक्ती चित्रगृहांवर झाली. मात्र त्या प्रचारासाठी उभारलेले खाते 1946 मध्ये गुंडाळले गेल्याने, पुढच्याच वर्षी सत्तांतराचा सोहळा घडला तेव्हा तो टिपण्यास सरकारपाशी स्वतःचे चित्रपथक उरले नव्हते, आणि ती मदार खाजगी कॅमेऱ्यांवर राहिली. 1948 साली मुंबईत फिल्म्स डिव्हिजन स्थापन होऊन ही उणीव भरून निघाली, सक्तीही पुन्हा आली, आणि वार्तापटांच्या निगेटिव्ह सरकारी शिरस्त्याप्रमाणे क्रमांक पडून कपाटात जाऊ लागल्या.

याउलट, लोकांनी डोक्यावर घेतलेला ‘आलम आरा’ (1931) पाहा. 1964 मध्ये पुण्यास स्थापन झालेल्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयाचे पी. के. नायर जेव्हा त्याचा माग काढीत त्याचे दिग्दर्शक अर्देशिर इराणी यांच्या घरी गेले, तेव्हा चांदी काढून घेऊन ती रिळे निकालात काढल्याचे इराणींच्या चिरंजीवांकडून त्यांना कळले. लोकप्रियतेने जे राखले नाही ते दप्तराने राखले, हे रसिकांस रुचणारे नाही. पण आहे ते असे. अर्थात दप्तरही अभेद्य नव्हे: नायट्रेटची फिल्म एकदा पेटली की बाहेरच्या हवेवाचूनही जळत राहते, आणि जानेवारी 2003 मध्ये पुण्यात लागलेल्या आगीत तिचा मोठा साठा भस्मसात झाला.

रीळ मागणाऱ्याच्या हाती पडेपर्यंतचे काम कोणाच्या नजरेस येत नाही. डबा उघडताच आंबूस वास आला तर ॲसिटेटची फिल्म कुजू लागली असे समजावे. मग हातमोजे घालून ती रिवाइंडरवर सावकाश फिरवायची, कडेची भोके फाटली असतील तर सांधायची, सुटलेले जोड पुन्हा बसवायचे, आक्रसलेली लांबी मोजायची, आणि त्यानंतरच स्कॅनरचा विचार करायचा. हौशी मंडळी तर मागणी करतानाच पुष्कळदा फसतात. 16 एप्रिल 1853 रोजी बोरीबंदरहून ठाण्यास आलेल्या पहिल्या गाडीचे चित्रण कोणी मागितले, तर सिनेमाचा जन्मच 1895 चा, हे त्यास नम्रपणे सांगावे लागते.

खरी पंचाईत मात्र नोंदींची. वार्तापटाच्या नोंदीत समारंभाचे आणि पाहुण्याचे नाव ठळक असते. त्याच्या पाठीमागे सहज आलेले स्थानक, टांगे, बाजार यांची दखल कारकुनाने कशाला घ्यावी? म्हणून जुने डोंबिवली शोधू पाहणाऱ्याने गावाच्या नावावर भिस्त न ठेवता, तेथे त्या सुमारास कोणाच्या हस्ते कशाचे उद्घाटन झाले हे आधी वर्तमानपत्रांच्या फायलींतून काढावे, आणि मागणीपत्रात त्या मंत्र्याचे नाव घालावे.