चेऊलकर ते डेव्हिड : एका मराठी ज्यू चरित्रनटाची वाटचाल

प्रस्तावना

चित्रपटाच्या इतिहासलेखनात नायक-नायिका, दिग्दर्शक आणि निर्मितीसंस्था यांना जेवढे स्थान मिळाले, तेवढे चरित्रनटांना मिळालेले नाही. कथेतील काका, मामा, शेजारी, डॉक्टर किंवा कारकून प्रेक्षकांच्या स्मरणात राहतो. परंतु त्याचे नाव, गाव आणि भाषा यांची चौकशी सहसा होत नाही. हिंदी चित्रपटांत चार दशकांहून अधिक काळ वावरलेले डेव्हिड हे अशा उपेक्षेचे ठळक उदाहरण होय. डेव्हिड अब्राहम चेऊलकर हे त्यांचे पूर्ण नाव. ते ठाण्याच्या बेने इस्राएल कुटुंबातील होते आणि त्यांची मातृभाषा मराठी होती. असे असूनही मराठी चित्रपट-चर्चेत त्यांचे नाव क्वचितच घेतले जाते. पडद्यावर त्यांची ओळख परक्या माणसाची कशी झाली, याचा शोध घेतल्यास मुंबईच्या चित्रपटव्यवसायातील 'आपला' आणि 'परका' या कल्पनांवर बराच प्रकाश पडतो.

हॉलिवूडमधील स्थलांतरित नट

या प्रश्नाला हॉलिवूडची पार्श्वभूमी उपयुक्त ठरते. अमेरिकेतील स्टुडिओपद्धती भरात असताना युरोपातून आलेल्या नटांचा मोठा वर्ग तेथे दुय्यम भूमिकांवर उपजीविका करीत होता. ऑस्ट्रिया-हंगेरीच्या साम्राज्यात ज्यू कुटुंबात जन्मलेले पीटर लॉर यांनी १९३१ च्या 'एम' या जर्मन बोलपटात खुन्याची भूमिका करून कीर्ती मिळविली, नाझी सत्तेवर येताच १९३३ मध्ये जर्मनी सोडली आणि अमेरिकेत आल्यावर १९३७ ते १९३९ या काळात आठ चित्रपटांत मिस्टर मोटो नावाचा जपानी गुप्तहेर रंगविला. तिफ्लिस येथे जन्मलेले अकिम तामिरॉफ यांनी चिनी सेनानी साकारला. त्याबद्दल त्यांना सहायक अभिनेत्याच्या ऑस्करचे नामांकन मिळाले. तो पुरस्कार १९३६ च्या चित्रपटांपासून सुरू झाला आणि त्या पहिल्याच वर्षीच्या नामांकनांत रशियात जन्मलेले मिशा आवरही होते. १९४२ च्या 'कॅसाब्लांका' या चित्रपटाच्या श्रेयनामावलीतील नटांपैकी अमेरिकेत जन्मलेले केवळ तिघे होते, ही गोष्ट तर सर्वश्रुत आहे.

या नटांच्या बाबतीत एक नियम दिसतो. त्यांचा परका उच्चार हीच त्यांची मिळकत होती, पण तो उच्चार नेमका कोणत्या देशाचा याच्याशी स्टुडिओला कर्तव्य नव्हते. हंगेरियन नट जपानी होई, जॉर्जियात जन्मलेला नट चिनी होई. भारतीयांपुरते पाहावयाचे तर म्हैसूर संस्थानातील माहुताचा मुलगा साबू १९३७ च्या 'एलिफंट बॉय'मुळे प्रथम इंग्लंडमध्ये आणि पुढे हॉलिवूडमध्ये प्रसिद्ध झाला. १९४४ मध्ये तो अमेरिकन नागरिक झाला. परंतु अरण्य आणि अरबी सुरस कथा यांच्या बाहेर त्याला फारसे जाता आले नाही. १९६३ मध्ये लॉस एंजेलिस परिसरात त्याचे निधन झाले.

योगायोग असा की, साबूचा हा पहिला चित्रपट आणि डेव्हिड यांचा पहिला चित्रपट एकाच वर्षातले. मोहन भवनानी दिग्दर्शित 'झांबो' (१९३७) हाही टारझनपटांच्या धर्तीवरील जंगलपटच होता.

कोकणातील तेली, मुंबईतील पदवीधर

बेने इस्राएल समाजाच्या परंपरागत कथेनुसार त्यांचे पूर्वज अलिबागजवळील नवगावच्या किनाऱ्यावर जहाज फुटून आले आणि त्यांतील सात जोडपी वाचली. या कथेचा काळ कोणता धरावा याविषयी मतभेद आहेत. मात्र समाजाचे मराठीपण निर्विवाद आहे. तेल गाळणे हा त्यांचा कोकणातील प्रमुख व्यवसाय. शब्बाथामुळे शनिवारी घाणा बंद ठेवीत म्हणून गावकरी त्यांना 'शनिवार तेली' म्हणत. वास्तव्याच्या गावावरून त्यांनी आडनावे घेतली. पेणचे ते पेणकर, चेऊलचे ते चेऊलकर. एकोणिसाव्या शतकात त्यांनी आपल्या धर्मग्रंथांतील कथांवर मराठीत कीर्तने केली. मुंबईत आल्यावर लष्कर, रेल्वे, शिक्षण आणि कारकुनी या क्षेत्रांत त्यांनी जम बसविला.

डेव्हिड हे या शहरी, सुशिक्षित पिढीतले. विल्सन महाविद्यालयातून त्यांनी बी. ए. केले, कायद्याची पदवीही मिळविली. जागतिक मंदीचा तो काळ होता आणि पदवीनंतरची काही वर्षे नोकरीच्या निष्फळ शोधात गेली. चित्रपटात येणे ही त्यांची प्रथम निवड नव्हती, हे येथे ध्यानात घेतले पाहिजे. मित्र असलेले चरित्रनट नायमपल्ली यांच्या ओळखीने भवनानींच्या चित्रपटात प्रवेश मिळाला आणि बेकार पदवीधर नट झाला.

चित्रपटसृष्टीत त्यांच्यापूर्वी अनेक ज्यू कलावंत स्थिरावले होते. त्यांत दोन प्रवाह होते. बगदादी ज्यूंमध्ये पुण्यात जन्मलेल्या रुबी मायर्स ऊर्फ सुलोचना, कलकत्त्याच्या एस्थर व्हिक्टोरिया अब्राहम ऊर्फ प्रमिला आणि पुढे फ्लॉरेन्स इझिकिएल ऊर्फ नादिरा या प्रमुख होत. कुलीन घरच्या स्त्रिया कॅमेऱ्यासमोर येण्यास तयार नव्हत्या, तेव्हा सुलोचनेसारख्या स्त्रियांनी मूकपटाची गरज भागविली. बेने इस्राएलांपैकी जोसेफ डेव्हिड पेणकर हे रंगभूमीवरील नाटककार. १९३१ मध्ये प्रदर्शित झालेला पहिला भारतीय बोलपट 'आलम आरा' त्यांच्याच नाटकावरून बेतला होता. मूकपटाला भाषा नव्हती. बोलपटाला ती आली आणि सुलोचनेसारख्या सर्वोच्च तारकेलाही हिंदुस्तानी शिकण्यासाठी थांबावे लागले. डेव्हिड या संक्रमणानंतर आले. इंग्रजी, मराठी आणि हिंदुस्तानी या तिन्ही भाषांत ते सहज वावरत. परक्या उच्चाराचे भांडवल त्यांच्यापाशी नव्हते, आणि त्याची त्यांना गरजही नव्हती.

जॉन चाचा

ठेंगणा बांधा, टक्कल, गोल चेहरा आणि मिस्कील डोळे यांमुळे नायकपद त्यांच्या वाट्याला येणे शक्यच नव्हते. बॉम्बे टॉकीजच्या 'नया संसार' (१९४१) पासून त्यांच्याकडे लक्ष जाऊ लागले. इप्टाशी संबंध आल्याने ख्वाजा अहमद अब्बास यांच्या वर्तुळात ते ओढले गेले. परंतु त्यांच्या कारकिर्दीचा कळस म्हणजे आर. के. फिल्म्सचा 'बूट पॉलिश' (१९५४) हाच होय. राज कपूर निर्माते आणि प्रकाश अरोरा दिग्दर्शक असलेल्या या चित्रपटात भोला आणि बेलू या अनाथ भावंडांना त्यांची काकी भीक मागायला लावते. झोपडपट्टीतील अपंग जॉन चाचा त्यांना भिकेऐवजी कष्टाची भाकरी खाण्यास शिकवितो.

या पात्राची घडण बारकाईने पाहण्यासारखी आहे. मुलांना सन्मार्ग दाखविणारा हा माणूस स्वतः चोरट्या दारूचा विक्रेता आहे. मुंबई राज्यात १९४९ चा दारूबंदी कायदा नुकताच लागू झाला होता आणि प्रेक्षकांना हा व्यवसाय प्रत्यक्ष परिचयाचा होता. कायद्याच्या दृष्टीने गुन्हेगार असलेल्या व्यक्तीच्या तोंडी चित्रपटाचा सर्व नैतिक आशय देणे हे पटकथेचे धाडस होते. ते धाडस पचले ते डेव्हिड यांच्या संयमामुळे. उपदेशाची वाक्ये ते उपदेशासारखी उच्चारीत नाहीत. मुलांशी बोलताना त्यांचा सूर बरोबरीच्या मित्राचा असतो. चाचाला अटक होते त्या प्रसंगी तर मुलांपुढे आपण पकडले गेलो याची शरम त्यांच्या चेहऱ्यावर भीतीपेक्षा अधिक दिसते. तुरुंगातील, अडाणा रागावर आधारलेल्या मन्ना डे यांच्या गाण्यात त्यांनी स्वतःच्या टकलाचाही विनोदासाठी मनमोकळा उपयोग केला. चित्रपट अखेरीस अश्रूंकडे झुकतो, श्रीमंताघरी दत्तक जाण्याचा तोडगा तर कथेच्याच तत्त्वाला छेद देतो. परंतु जॉन चाचा त्या दोषातून मुक्त राहतो.

फिल्मफेअरने सहायक अभिनेत्याचा पुरस्कार १९५५ मध्ये प्रथमच दिला आणि तो याच भूमिकेसाठी डेव्हिड यांना मिळाला. त्याच वर्षी कान महोत्सवात बेबी नाझ हिच्या अभिनयाचीही विशेष दखल घेतली गेली.

नावाचा प्रश्न

जॉन चाचा ख्रिस्ती होता. हृषीकेश मुखर्जींच्या 'सत्यकाम' (१९६९) मधील रुस्तम पारशी होता. 'चुपके चुपके' (१९७५) मध्ये ते हरिपद भैया झाले, 'गोलमाल' (१९७९) मध्ये डॉ. केदार झाले आणि बासू चटर्जींच्या 'बातों बातों में' (१९७९) मध्ये मुंबईच्या ख्रिस्ती वस्तीतील अंकल टॉम झाले. हिंदी पडद्यावर ज्यू पात्रे नव्हतीच असे नाही. बिमल रॉय यांचा 'यहुदी' (१९५८) या विषयावरच आहे. मात्र त्यातील ज्यू जवाहिऱ्याची, एझ्राची, मध्यवर्ती भूमिका सोहराब मोदी या पारशी नटाने केली. पारशी नट ज्यू होतो आणि ज्यू नट पारशी होतो, ही देवघेव हॉलिवूडच्या जपानी-हंगेरियन देवघेवीपेक्षा फार वेगळी नाही.

फरक आहे तो नावात. मुंबईच्या चित्रपटसृष्टीत नाव बदलण्याची रीत सर्वांना माहीत आहे. रुबी मायर्सची सुलोचना झाली, एस्थरची प्रमिला झाली, युसुफ खान दिलीप कुमार झाले. या सर्वांनी परके वाटेल ते नाव टाकून देशी वाटेल ते घेतले. डेव्हिड यांच्या बाबतीत उलट घडले. श्रेयनामावलीत 'डेव्हिड' एवढेच उरले आणि गळून पडले ते 'चेऊलकर'. म्हणजे जे रेवदंड्याच्या खाडीकाठचे, अस्सल कोकणातले होते तेच गेले. खामगाव-मलकापूरच्या चित्रपटगृहात बसलेल्या वऱ्हाडी प्रेक्षकाने हे आडनाव पाटीवर वाचले असते, तर हा टकला काका आपल्याच भाषेतला आहे हे त्याला सांगावे लागले नसते. केवळ 'डेव्हिड' वाचून त्याने त्यांना ख्रिस्ती समजावे हे स्वाभाविक होते. आखूड, लक्षात राहणारे नाव ही व्यवसायाची सोय असेल. परंतु त्या सोयीची किंमत मराठी सांस्कृतिक इतिहासाने मोजली आहे.

निर्गमन

डेव्हिड यांची कारकीर्द बहरत होती त्याच काळात त्यांचा समाज देश सोडीत होता. १९४८ नंतर बेने इस्राएल हजारोंच्या संख्येने इस्राएलला गेले. तेथे त्यांच्या ज्यूपणाविषयीच शंका घेण्यात आली. धर्मपीठाने विवाहांबाबत अडथळे आणले आणि समाजाच्या दीर्घ आंदोलनानंतर १९६४ मध्ये इस्राएलच्या संसदेने ते सर्वार्थाने ज्यू असल्याचे जाहीर केले. ज्यांना भारतात कोणी उपरे म्हटले नव्हते, त्यांना धर्मभूमीत आपले मूळ सिद्ध करावे लागले, हा या स्थलांतराचा कटू भाग होय.

डेव्हिड या लाटेबरोबर गेले नाहीत. मुंबईत त्यांचे सार्वजनिक जीवन भरगच्च होते. समारंभांचे सूत्रसंचालक म्हणून त्यांच्या हजरजबाबीपणाची ख्याती होती; फिल्मफेअर पुरस्कारांचे निवेदन त्यांनी अनेकदा केले. भारोत्तोलनाचे पंच म्हणून ते आंतरराष्ट्रीय स्पर्धांतही वावरले. पडद्यावरील लठ्ठ, गमतीदार काका प्रत्यक्षात भारोत्तोलनाचे नियम कोळून प्यालेला होता, हे फार थोड्या प्रेक्षकांना ठाऊक असेल. १९६९ मध्ये भारत सरकारने त्यांना पद्मश्री दिली. शंभराहून अधिक चित्रपटांनंतर, सत्तरीच्या उंबरठ्यावर असताना, ते कॅनडात गेले आणि १९८० च्या दशकाच्या प्रारंभी टोरांटो येथे त्यांचे निधन झाले. भारतीय चित्रपटातील ज्यू कलावंतांवरील 'शालोम बॉलिवूड' हा अनुबोधपट २०१७ मध्ये आला. त्यात सुलोचना, प्रमिला आणि नादिरा यांच्यासोबत डेव्हिडही आहेत. त्याचे दिग्दर्शक डॅनी बेन-मोशे ऑस्ट्रेलियातील आहेत.