विमानात आठवलेला लोडर

इंजिनीअरिंगच्या शेवटच्या वर्षाला आमचा 8051 चा प्रोजेक्ट सिम्युलेटरवर मस्त चालायचा. बोर्डवर मात्र ढिम्म! दोन रात्री कोड तपासण्यात गेल्या. तिसऱ्या दिवशी मित्र म्हणाला, "अरे, क्रिस्टल कुठाय?" सिम्युलेटरमध्ये क्लॉकचा आकडा टाकला की काम भागायचं, त्यामुळे क्रिस्टल बसवायचं कुणाच्या डोक्यातच आलं नव्हतं.

पुढे पॉल ॲलनची गोष्ट वाचली आणि जरा बरं वाटलं.

जानेवारी 1975 च्या 'पॉप्युलर इलेक्ट्रॉनिक्स'च्या मुखपृष्ठावर अल्टेअर 8800 झळकला. इंटेलच्या 8080 वर चालणारा, घरी जुळवता येणारा कॉम्प्युटर. ॲलन आणि बिल गेट्स तेव्हा बॉस्टनच्या आसपास होते. अल्टेअर बनवणाऱ्या अल्बुकर्कीच्या 'मिट्स' कंपनीला त्यांनी कळवून टाकलं, आमच्याकडे याच्यासाठी बेसिक आहे. खरं तर एक ओळही लिहिलेली नव्हती! आणि अल्टेअर सोडाच, 8080 ची चिपही जवळ नव्हती.

मग ॲलनने 8080 चं मॅन्युअल समोर ठेवलं आणि हार्वर्डच्या पीडीपी-10 वर 8080 चं सोंग घेणारा प्रोग्रॅम लिहिला. त्याच्या जोरावर दोघांनी बेसिक उभं केलं. अपूर्णांकांचं गणित मॉंटे डेव्हिडॉफने लिहिलं. सगळं मिळून साधारण आठ आठवडे.

कागदी टेप घेऊन ॲलन एकटाच अल्बुकर्कीला निघाला. विमान उतरायला लागलं आणि त्याच्या लक्षात आलं, टेपवरचा प्रोग्रॅम मेमरीत चढवणारा लोडर लिहिलाच नाहीये! पीडीपी-10 वर त्याची गरजच पडली नव्हती ना. मग तिथेच बसून त्याने मशीन कोडमध्ये लोडर खरडला. दुसऱ्या दिवशी अल्टेअरचे स्विच खालीवर करत तो मेमरीत भरला आणि टेप लावली. मशीनने मेमरी किती ते विचारलं. मग 2+2 दिलं. उत्तर आलं 4.

गंमत बघा. मॅन्युअलमधल्या इन्स्ट्रक्शन सिम्युलेटरमध्ये उतरल्या होत्या, त्या खऱ्या चिपवर पहिल्याच दिवशी चालल्या. विसरला गेला तो सिम्युलेटरच्या बाहेर राहिलेला तुकडा.

म्हणून आता पीसीबी करायला देण्याआधी मी एक यादी करतो: सिम्युलेटरने मला काय काय फुकट दिलं? क्लॉक, सप्लाय, रीसेट, प्रोग्रॅम चढवणं. क्रिस्टल अर्थातच पहिल्या नंबरावर!