भूल, शुद्ध आणि ससूनमधील एक रात्र

कोलोनोस्कोपीसाठी आमच्या मुरुडहून मुंबईस निघालेल्या रुग्णाला एक प्रश्न हटकून छळतो : भूल घ्यावी की शुद्धीत राहावे? आज गुंगीचे इंजेक्शन घेणे वा नाकारणे बव्हंशी त्याच्या हाती असते. शंभर वर्षांपूर्वी पोट उघडायचे, तर भुलेवाचून गत्यंतर नव्हते. आणि क्लोरोफॉर्मने माणसे दगावतही.

१२ जानेवारी १९२४. येरवड्याचे कैदी महात्मा गांधी अपेंडिक्सच्या दाहाने पुण्याच्या ससून रुग्णालयात होते. शस्त्रक्रिया करणारे कर्नल मॅडॉक हे सरकारी इंग्रज डॉक्टर. भुलेत काही विपरीत घडते, तर ‘सरकारने मारले’ ही वदंता देशभर पसरली असती. म्हणून श्रीनिवास शास्त्रींच्या उपस्थितीत संमतिपत्र तयार झाले आणि गांधींनी थरथरत्या हाताने त्यावर सही केली. मग क्लोरोफॉर्म. मध्येच वीज गेली. उरलेले काम कंदिलाच्या उजेडात पुरे झाले.

‘हिंद स्वराज्य’मध्ये इस्पितळांवर कठोर प्रहार करणारे हेच गांधी! मला मात्र यात त्यांचा पराभव दिसत नाही. शुद्ध हरपण्याचा निर्णय त्यांनी पूर्ण शुद्धीत घेतला होता. ५ फेब्रुवारीला सरकारने त्यांची बिनशर्त सुटका केली.