बालपण आणि संसार यांच्यामधली वर्षे



किशोरावस्था निसर्ग देतो, असे आपण मानतो. शरीरापुरते ते खरे आहे. परंतु ती वर्षे जगण्यास अवकाश मिळणे, ही समाजाने आणि कायद्याने घडविलेली गोष्ट आहे. आणि तिच्या इतिहासात आपल्या बडोद्याचा वाटा मोठा आहे.

माझ्या आजीच्या आठवणींत ‘लहान असताना’ आणि ‘लग्न झाल्यावर’ असे दोनच कालखंड असत. मधल्या काळाला तिच्यापाशी शब्दच नव्हता. मुंबईच्या रखमाबाईंचा विवाह अकराव्या वर्षी झाला. सासरी न जाता त्या माहेरीच वाढल्या, शिकल्या. १८८४ साली पतीने दावा लावला. १८८७ साली न्यायालयाने सासरी जाण्याचा आदेश दिला, तेव्हा त्यांनी तुरुंगवास पत्करण्याची तयारी दाखविली. पुढे त्या डॉक्टर झाल्या आणि सुरतेस त्यांनी रुग्णसेवा केली. मधली वर्षे हिरावून घेऊ न देण्याची किंमत तेव्हा एवढी मोठी होती.

सयाजीराव महाराजांनी १९०४ साली बालविवाह प्रतिबंधक कायदा करून विवाहाचे किमान वय मुलीसाठी १२ आणि मुलासाठी १६ ठरविले. ब्रिटिश हिंदुस्थानात सारडा कायदा होण्यास १९२९ साल उजाडावे लागले. अमरेली भागात १८९३ पासून चाललेला सक्तीच्या शिक्षणाचा प्रयोग महाराजांनी १९०६ साली संपूर्ण संस्थानास लागू केला.

हे दोन कायदे शेजारी ठेवून पाहावेत. शाळेची सक्ती मुलास बाराव्या वर्षापर्यंत, मुलीस मात्र दहाव्यापर्यंतच. म्हणजे शाळा सुटणे आणि विवाहयोग्य ठरणे यांत मुलाला चार वर्षे मिळाली, मुलीला दोन. शिवाय ही वर्षे कशी घालवावीत, हे ठरविणारे वडीलधारेच होते.

आज २००९ च्या कायद्याने चौदा वर्षांपर्यंत शिक्षण हा हक्क आहे आणि २००६ च्या कायद्यानुसार मुलीचा विवाह अठरा वर्षांपूर्वी करता येत नाही. मधली चार वर्षे अजूनही घराच्या विवेकावर सोपविलेली आहेत. माझ्या विद्यार्थिदशेत आठवीनंतर वर्गातील मुलींचे बाक विरळ होत गेले. त्या कोठे गेल्या, हे आम्ही मुलांनी विचारले नाही आणि मोठ्यांनी सांगितले नाही.

माजी विद्यार्थ्यांस माझी एवढीच विनंती आहे. आठवीनंतर एखादे बाक रिकामे झाले, तर त्या मुलीच्या घरी जाऊन चौकशी करावी. कायदा जेथे थांबतो, तेथून पुढचे काम आपले आहे.