चकली : तळणीतून ओव्हनमध्ये

दिवाळीच्या फराळात चकलीचे स्थान अढळ आहे. मात्र घरात कुणाला मधुमेह वा हृदयविकार असला, की तळणीची कढई गॅसवर चढण्याआधीच पथ्याचा विषय निघतो. त्यामुळे शहरी स्वयंपाकघरांत बेक केलेली चकली रुजली. परंतु तळायची तीच चकली ओव्हनमध्ये ठेवली की काम झाले, हा समज फसवा आहे. अशी चकली बहुधा बाहेरून कडक आणि आतून वातड होते.

फरक कशात?

तेल १७० ते १८० अंश सेल्सियसला तापले, की उष्णता चकलीला चहूबाजूंनी एकदम भिडते. पिठातील पाण्याची वाफ वेगाने बाहेर पडते. कढईत दिसणारे बुडबुडे ते हेच. ते थांबले की चकली झाली असे जाणत्या गृहिणी ओळखतात. वाफेने मागे ठेवलेल्या छिद्रांत तेल शिरते आणि त्यातून खुसखुशीतपणा येतो. ओव्हनमधील हवा उष्णता सावकाश पोहोचवते. वरचा थर आधी वाळतो, आत ओल राहते. म्हणून चकली बारीक पाडणे, मोहन न टाळणे आणि शेवटी ती मंद आचेवर सुकवणे, ही तीन पथ्ये पाळावी लागतात.

साहित्य

चकलीची भाजणी २५० ग्रॅम (साधारण दोन वाट्या), तेल तीन मोठे चमचे, घट्ट दही दोन मोठे चमचे, तीळ एक मोठा चमचा, ओवा, तिखट, हळद, हिंग व मीठ चवीनुसार, पाणी सुमारे दीड वाटी. भाजणी घरची असल्यास तांदूळ, हरभरा डाळ व उडीद डाळ यांचे ४:२:१ हे प्रमाण चालते.

कृती

पाण्यात दोन चमचे तेल, मीठ व मसाला घालून उकळी आणावी. गॅस बंद करून भाजणी घालावी आणि अर्धा तास झाकून ठेवावी. नंतर दही व तीळ घालून पीठ चांगले मळावे. लागल्यास पाण्याचा हात लावावा. सोऱ्याने दोन-तीन वेढ्यांच्या लहान चकल्या पाडाव्यात आणि वेढ्यांत किंचित फट ठेवावी. उरलेले तेल ब्रशने दोन्ही बाजूंना लावावे.

ओव्हन १८० अंशांवर दहा मिनिटे आधी तापवावा. चकल्या १५ मिनिटे भाजून उलटाव्यात आणि आणखी १० ते १५ मिनिटे भाजाव्यात. मग तापमान १२० अंशांवर आणून दहा मिनिटे सुकू द्याव्यात. साध्या मायक्रोवेव्हमध्ये हे जमत नाही; कन्व्हेक्शनची सोय हवी. एअर फ्रायर हाही मुळात गरम हवेचा छोटा ओव्हनच असल्याने चालतो, मात्र त्यात वेळ कमी लागतो.

चकली पूर्ण गार झाल्यावरच डब्यात भरावी. ती आठवडाभरात संपवणे बरे. मऊ पडल्यास १५० अंशांवर पाच मिनिटे पुन्हा तापवावी.

हिशेब उष्मांकांचा

तळलेल्या चकलीत १०० ग्रॅममागे साधारण ३० ग्रॅम स्निग्धांश असतात. वरील प्रमाणाने केलेल्या चकलीत ते सुमारे १६ ग्रॅम, म्हणजे जवळपास निम्मे भरतात. उष्मांक मात्र निम्मे होत नाहीत. तेलाची जागा पीठ घेते आणि पिठाच्या प्रत्येक ग्रॅममागेही सुमारे चार उष्मांक असतातच. त्यामुळे तळलेल्या चकलीचे सुमारे ५२५ उष्मांक ४५०च्या आसपास येतात. बेक केलेली म्हणून दुप्पट खाल्ली, तर पथ्य मोडलेच. मधुमेहींच्या ताटात चकली वाढल्यास त्या बेताने पोळी-भाताचा वाटा कमी करावा.

मिठाचेही तेच. जागतिक आरोग्य संघटना प्रौढांसाठी दिवसाला पाच ग्रॅमहून कमी मीठ सुचवते. ओव्हन ते कमी करत नाही. रंगावरही लक्ष हवे. पिष्टमय पदार्थ उच्च तापमानाला तळले वा भाजले, तर त्यांत अ‍ॅक्रिलामाइड हे घातक द्रव्य तयार होते, असे स्वीडनमधील शास्त्रज्ञांनी २००२ मध्ये दाखवून दिले. म्हणून चकली सोनेरी झाली की थांबावे, तपकिरी होऊ देऊ नये.